बाटली क्रमांक एकशे बारा

टिळकवाडीतल्या कॉलेजात, जिन्याखालच्या खोलीत
मष्णू हुंदरेनं चौतीस वर्षं लेबलं लिहिली.
टाकानं, काळ्या शाईत, वरून मेणाचा हात.
लॅटिन येत नव्हतं त्याला,
पण एका अक्षराची चूक नाही.
'कोनस'मधला सी तर असा काढायचा
की शंखानं तोंड उघडलंय वाटावं.

एकशे बारामध्ये शंकूगोगलगाय.
कारवारच्या मासळीच्या ट्रकातून, बर्फाखाली दडून
रामनगर, लोंढा, खानापूर करत आलेली,
जिवंत.
मष्णूनं चिमट्यानं उचलली.
हातानं उचलली असती तर?
"तर एकशे तेरापासनं दुसऱ्याचं अक्षर असतं,"
एवढंच म्हणतो.

मी इथं जिवाणू शिकवते.
गेल्या महिन्यात पत्र आलं:
नावं बदलली आहेत, यादी सोबत जोडली आहे,
बाटल्या अद्ययावत कराव्यात.
पाठीवरची नक्षी बघून कुणी ठेवलेलं नाव
डीएनएनं खोडलं. कुळ तेच, प्रजाती वेगळी.
आमच्यातही हेच झालेलं.
मातीत धाग्यांसारखे पसरतात म्हणून
ज्यांना कित्येक वर्षं बुरशी म्हटलं
ते बुरशी नव्हतेच.
क्षयावरचं इंजेक्शन त्यांच्यातूनच निघालं,
आणि रक्तात उतरताना
त्यानं कुणाला गोत्र विचारलं नाही.

मष्णूला निरोप धाडला.
रिटायर होऊन सहा वर्षं, मणक्यात काहीतरी सरकलेलं,
वडगावहून रिक्षानं आला, आडवा बसून.
म्हटलं, जुनी लेबलं भिजवून काढू या.
"काढू नको बाई. वरनं डकीव.
आपल्या गावातल्या पाट्या बघितलीस न्हवं?
खरवडलं की नुसता पत्रा दिसतोय."

तेवढ्यात शिवलीला हुक्केरी आली, हातात पेट्री डिश.
मराठीत काय म्हणतात हिला, मॅडम?
गोगलगाय.
"गाय?" ती हसली. "आमच्यात बसवनहुळू.
बसवण्णाचा किडा. म्हणजे बैल झाला."
"मग गोठा एकच की," मष्णू म्हणाला
आणि हसता हसता कळ आली म्हणून थांबला.

मग हळूच:
"हिच्या विषातनं औषध काढलंय म्हणं?"
काढलंय. तिच्या एका बहिणीच्या विषातून.
अफूलाही न जुमानणारी वेदना
मणक्यात थेंब थेंब सोडलं की
दारातच अडते.
"आपल्याकडं?"
नाही मिळत, मष्णू.
तो बाटलीकडं बघत राहिला,
उधारी थकवलेल्या माणसाच्या
बंद दाराकडं बघावं तसा.

शिवलीलाच्या डिशमध्ये चौथ्या दिवशी
राखाडी, खडूसारखी एक वसाहत उगवलीय.
अशाच दुसऱ्या एका शंखाच्या मांसात राहत होती.
झाकण उचललं तर वास समुद्राचा नाही,
नांगरलेल्या रानाचा.
काही द्रव्य बनवतेय, शेजारचे जंतू मागं सरलेत,
मध्ये एक स्वच्छ वर्तुळ.
ते द्रव्य कुणाचं म्हणायचं?
शंखाचं? शंखातल्या भाडेकरूचं?
फॉर्मवर रकाना: सापडल्याचं ठिकाण.
मी लिहिलं, समुद्र.
शिवलीलानं खोडलं. तिथं कोण गेलंय आपल्यातलं?
तिनं लिहिलं, मासळी बाजार, कॅम्प.
बरोबर तिचंच होतं.

मष्णूनं नवं नाव लिहिलं. हात कापत होता,
सी मात्र तसाच.
जुन्यावर चिकटवलं तर खालचं
बोटभर बाहेर राहिलं. कुणी कापलं नाही.
काचेआड ती, सोंड अजून अर्धी बाहेर,
दोन्हींपैकी एकही नाव न ऐकलेली.

टाक धुऊन त्यानं खिशाला अडकवला.
उठायला गेला, टेबलाची कड धरली,
पुन्हा बसला.
"यव्वा," शिवलीलाला म्हणाला, "जरा हात दे."